मारव्यातल्या जागा

बर्फाचं शिखर असेल तर संतूर. नदी असेल तर सतार, आणि नदीला उतार लागला की सतारीवर जलद 'झाला' वाजवायचा. दरी कुठलीही असो, तिच्यात बासरी वाजलीच पाहिजे. वाळवंट दिसलं की सारंगी, ढग दिसले की मल्हार, मग ते ढग मार्चमधले का असेनात. हे नियम कुणी ठरवले मला माहीत नाही. पण नव्वदीच्या सुरुवातीला मी नोएडाच्या ज्या कंपनीत नोकरीला होतो, तिथं ते वाहतुकीच्या नियमांपेक्षा काटेकोरपणे पाळले जात. दिल्लीच्या आसपास ही तुलना फारशी मोठी नाही, हे मान्य.

कंपनीची इमारत तीन मजली होती. खाली फरशा आणि नळांचं शोरूम, मधे गाझियाबादेतल्या नव्या कॉलन्यांचं बुकिंग ऑफिस आणि सगळ्यात वर संस्कृती. तिन्ही मजल्यांचे मालक एकच, त्यांना सगळे सर म्हणत. तेव्हा आकाशातून एकामागून एक चॅनल उतरत होते. त्या सगळ्यांकडे चोवीस तास होते, पण दाखवायला फारसं काही नव्हतं. सरांनी यातून आपला मार्ग काढला. नट्या तारखा देत नाहीत, मालिकांना सेट लागतात. पहाड मात्र जागच्या जागी उभे असतात, आणि शास्त्रीय गाणारे बोलावलं की येतात. शिवाय दोघंही करार वाचत नाहीत. तेव्हा पहाडांची चित्रं आणि त्यांवर राग, अशी एक मालिका काढायचं ठरलं.

मी त्याआधी इंग्रजी पुस्तकांची मुद्रितं तपासत असे. मुलाखतीत सरांनी एकच प्रश्न विचारला, "आप महाराष्ट्रियन हैं न? आपके यहाँ तो बच्चा-बच्चा गाता है." मी गात नाही, असं मी सांगितलं. ते हसले. त्यांना तो विनय वाटला. कोणत्या चित्राला कोणता राग हे सांगायची जबाबदारी माझ्यावर आली आणि माझ्या टेबलावर 'रिसर्च हेड' अशी पाटी लागली. त्या खात्यात हेडही मीच आणि बाकीचं अंगही मीच होतो.

रागाला चित्र लागत नाही, असं माझं मत होतं आणि अजूनही आहे. मारवा ऐकताना कुणाला समुद्र दिसत असेल, कुणाला बंद पडलेलं दुकान, कुणाला काहीच नाही. पडद्यावर एक पहाड दाखवला की बाकी सगळ्यांचं जे काही असेल ते पुसलं जातं. हे मी एकदा मीटिंगमध्ये बोललो. सर म्हणाले, "बहुत गहरी बात है," आणि त्यांनी चहा मागवला. मी चहा प्यालो. नोकरीची गरज होती, आणि खरं सांगायचं तर शूटिंगच्या निमित्तानं फुकट पहाड बघायला मिळत होते.

माझी आत्या पटपडगंजला एका सोसायटीत राहत होती. काकांच्या केंद्र सरकारातल्या नोकरीमागोमाग ती लग्न होऊन दिल्लीत आली आणि पुढं पहाडगंजच्या मराठी शाळेत मुलांना गाणं शिकवत राहिली. हॉटेलांच्या पाट्या, घाऊक दुकानांची पोती आणि स्टेशनाकडे पळणारे लोक यांच्यामधून वाट काढत ती रोज शाळेत जायची आणि तिथं गेल्यावर मुलांना 'घाई करू नका' असं शिकवायची. ती स्वतः खरी गाणारी होती. लहानपणी एका बुवांकडे रीतसर शिकली होती. रेडिओवरही काही वेळा गायली होती, पण तेव्हा गाणं थेट जायचं. गायलं, हवेत गेलं, संपलं. पुढं गणेशोत्सवात गायची, तिथं गाणं रंगात आलं की कुणाच्या तरी गाडीचा नंबर पुकारला जायचा. एकंदरीत, सबंध आयुष्यात तिचं एकही गाणं पहिल्यापासून शेवटपर्यंत कुठं साठवलेलं नव्हतं.

मी तिच्याकडे जायचो ते तिच्या मारव्यातल्या जागा ऐकायला. हा शब्द जरा उलगडून सांगायला हवा, कारण त्या वर्षांत दिल्लीतल्या मराठी घरांत जागा म्हटलं की एकच गोष्ट कळायची. "जागा घेतली का?" "कुठं?" "यमुनापार? अच्छा." मीही गाझियाबादेत एक जागा घेतली होती. तिथून रात्री कोल्हे ऐकू यायचे आणि बिल्डर म्हणायचा की लवकरच मॉल येणार आहे. आधी कोल्हे गेले, मॉल बऱ्याच वर्षांनी आला. पण गाण्यातली जागा वेगळी. गाणारा सरळ वाटेनं चाललेला असतो आणि अचानक एका ठिकाणी एखादा स्वर जरा उशिरा लावतो, किंचित वळवतो, आणि ऐकणाऱ्याच्या तोंडून आपोआप काहीतरी निघतं. ती जागा. ती कागदावर उतरत नाही. ऐकली तर आहे, नाही तर नाही.

मारव्यात षड्ज टाळत टाळत गातात. आत्या शाळेतल्या मुलांना सांगायची, "सा म्हणजे घर. मारव्यात घरी लवकर जायचं नाही. बाहेरच रेंगाळायचं." आणि स्वतः गाताना धैवतावरून कोमल रिषभावर यायची आणि गप्प व्हायची. नुसता तंबोरा चालू. हिला पुढचं आठवेना की काय, असं वाटण्याइतकी गप्प. मग षड्जाला नुसतं बोट लावून परत फिरायची, दाराची कडी वाजवून पळून जाणाऱ्या पोरासारखी. दर वेळी वेगळी. दर वेळी आधी ती गप्प बसायची, आणि त्या गप्प बसण्यात आमचा श्वास अडकलेला असायचा.

त्या वर्षी तिच्या गळ्यात गाठ निघाली. ऑपरेशन करावं लागणार होतं आणि आवाजाबद्दल डॉक्टर काही कबूल करायला तयार नव्हते. मी भेटायला गेलो तेव्हा ती तांदूळ निवडत होती. मी म्हटलं, "ऑपरेशनच्या आधी तुझा मारवा रेकॉर्ड करू या. आमच्या सिरीजमध्ये एक संध्याकाळ आहेच."

"सगळा घेतील?"

"रेकॉर्ड सगळा करतील. दाखवतील त्यातला थोडा. सगळ्याची कॉपी मी तुला आणून देईन."

"आणि वर चित्रं कसली?"

"पहाडांची."

"पहाड? आम्ही एकदाच मसुरीला गेलो, तर ह्यांना गाडी लागली."

काकांना ऐकू कमी यायचं. ते पेपरातून डोकं वर काढून म्हणाले, "काय म्हणतेय?"

"मसुरी!" आत्या ओरडली.

"हो, छान होती," काका म्हणाले आणि परत पेपरात गेले.

आत्यानं ताटातला एक खडा उचलून बाजूला ठेवला. "चित्रं काही का दाखवेनात. माझ्या जागा तेवढ्या राहू देत. उद्या गळ्यातून काही निघेल, न निघेल."

तिनं आमच्याकडे आयुष्यात मागितलेली ही एकच गोष्ट.

मुनिरक्याजवळ एका बंगल्याच्या तळघरात स्टुडिओ होता. आवाज येऊ नये म्हणून पंखा बंद ठेवायचे, त्यामुळे तिथं सगळेच राग सारख्याच घामात गायले जात. सर स्वतः आले होते. त्यांनी आत्याला मोठमोठे फोटो दाखवले. "माताजी, ये मुनसियारी. ये चोपता. ये औली. बस इनको मन में रखके गाइए." आत्यानं ते फोटो शेजाऱ्यांच्या लग्नाचा अल्बम बघावा तसे कौतुकानं बघितले आणि खाली ठेवून तंबोरा लावायला घेतला.

ती कशी गायली, ते मला लिहिता येणार नाही, आणि आलं असतं तर ह्या सगळ्याची गरजच उरली नसती. पाऊण तासावर गायली. सर डोळे मिटून ऐकत होते आणि मधूनमधून मान हलवत होते, पण समेच्या आसपास कुठंही नाही. काका हात कानामागे धरून बसले होते. गाणं संपल्यावर तिनं पदरानं मान पुसली. आतून बोललेलं काचेपलीकडे आम्हाला स्पीकरवर ऐकू यायचं, तसं तिचं ऐकू आलं, "झालं का? पंखा लावा आता."

बाहेर आल्यावर सरांनी वाकून नमस्कार केला. "दिव्य, माताजी. दिव्य."

आत्या तिच्या हिंदीत म्हणाली, "भाईसाहब, बाकी कुछ भी काटो. बस मेरी जगहें मत काटना. वो रहनी चाहिए."

"बिल्कुल, माताजी. आपकी एक भी जगह नहीं कटेगी. ये मेरी ज़बान है."

गाडीत बसताना काका मला म्हणाले, "माताजी म्हणतोय. म्हणजे ऐकणार नाही."

आम्ही दोघं हसलो. आत्याही हसली. गाणं मनासारखं झालं होतं.

पुढच्याच आठवड्यात मला युनिटबरोबर कुमाऊँला पाठवलं, ढग आणायला. निघण्याआधी मी एडिटरला भेटलो. तो मुनिरक्यातच एका खोलीत राहायचा, मूळचा कानपूरचा, भला माणूस. मी त्याला म्हटलं, "मारवा जितना हो सके, पूरा रखना."

"पूरा कैसे आएगा, दादा? आधे घंटे का एपिसोड है. उसमें ऐड है, उसमें कमेंट्री है, उसमें सर हैं."

मी कुमाऊँला ढगांची वाट बघत असताना इकडे ऑपरेशन झालं. परत आलो तर आत्याच्या गळ्याला रुमाल बांधलेला, आणि आवाजाच्या ठिकाणी नुसती हवा. कुजबुजल्यासारखं बोलायची. डॉक्टर म्हणाले, येईल हळूहळू. काकांना तर तिचं काहीच ऐकू जाईना. इतक्या वर्षांच्या संसारात ती ओरडायची आणि ते चुकीचं ऐकायचे, असं ठीक चाललेलं होतं. आता ती माझ्या कानात बोलायची आणि मी काकांच्या कानात ओरडायचो. मी नसलो की दोघं टीव्ही लावून बसत.

"कॉपी आणलीस का?" तिनं हवेनंच विचारलं.

मी आणली नव्हती. सर म्हणाले होते, आधी शो होऊ द्या, मग सगळ्यांना कॉप्या देऊ, बॉक्समध्ये घालून.

शो मंडी हाउसजवळच्या एका सभागृहात झाला. दाराशी अत्तर शिंपडत होते. मंचावर समई होती आणि बरोबर तिच्या डोक्यावर एसी, त्यामुळे प्रमुख पाहुणे वात लावत आणि एसी ती विझवत असा बराच वेळ गेला. शेवटी एसी बंद केला, दिवा लागला, टाळ्या झाल्या, आणि पुढचा सगळा कार्यक्रम लोकांनी निमंत्रणपत्रिकेनं वारा घेत बघितला. आत्याला शाल देण्यात आली. सूत्रसंचालिका म्हणाली, माताजी, दो शब्द. आत्यानं मान हलवून नको म्हटलं, तरी माईक तिच्या तोंडासमोर आला. ती काहीतरी बोलली. माईकमधून नुसता फूऽऽ असा आवाज सभागृहभर पसरला. सूत्रसंचालिका म्हणाली, "माताजी भावुक हो गई हैं," आणि पुन्हा टाळ्या झाल्या.

मग सर बोलायला उभे राहिले. फिल्मपेक्षा भाषण लांब होतं, पण त्यातलं मला एवढंच आठवतं: "इतनी बड़ी कलाकार, पर माताजी ने हमसे कुछ नहीं माँगा. बस एक बात बोलीं, मेरी जगहें मत काटना. और मैं आज गर्व से कहता हूँ, मुनसियारी, चोपता, औली, हमने माताजी की एक भी जगह नहीं काटी."

मी आत्याकडे बघितलं. ती समोर बघत होती. जागाचं हिंदी जगह, हे इतकं उघड होतं की त्या दिवशी आमच्यापैकी कुणालाच त्यात वावगं दिसलं नव्हतं. दिल्लीत जन्म काढलेल्या मराठी माणसाचं हिंदी असंच असतं. शब्द बरोबर असतो, त्याचा अर्थ तेवढा पुण्यालाच राहिलेला असतो. आणि सरांना तरी काय दोष देणार? दिलेला शब्द त्यांनी पाळला होता. धंद्यात त्यांनी असा शब्द क्वचितच पाळला असेल.

दिवे गेले. पडद्यावर अंधार, मग नारिंगी कडा, मग हळूहळू सूर्य वर आला. मारवा संध्याकाळचा राग आहे आणि आम्ही चित्रित केला होता तो सूर्यास्त. पण स्पॉन्सरला सकाळ हवी होती. देश उघडतोय, नवं युग येतंय आणि आपण मावळता सूर्य काय दाखवायचा, असा विचार मी नसताना झाला होता, आणि सूर्यास्त उलटा फिरवून सूर्योदय करण्यात आला होता. सूर्य डोंगरामागून वर आला. खालच्या अंगाला एक थवा शेपटीकडून उडत पडद्याबाहेर गेला.

"अरे," काका मोठ्यानं म्हणाले, "पक्षी मागं मागं का चाललेत?"

मागून कुणीतरी शू केलं.

आत्याचा आवाज सुरू झाला. मी खुर्चीच्या कडेला सरकून बसलो. ती धैवतावर आली, तिथून कोमल रिषभावर आली, थांबली. तंबोरा चालू. आणि त्या शांततेत एक जाड, खर्जातला आवाज म्हणाला, "प्रकृति मौन है, पर मौन भी बोलता है." चित्र बदललं, औली आली. थोड्या वेळानं आत्या परत सुरू झाली, पण आता ती गाण्यात कुठं तरी बरीच पुढं होती. पुन्हा रिषभावर आली, पुन्हा थांबली, आणि तिथं चोपता आलं, चोपत्याबरोबर बासरी. असं शेवटपर्यंत. आमच्या हाताशी आले ते सगळे तिचे रस्ते. जिथं ती पोचायची, तिथली एकही गोष्ट नाही.

अंधारात मला तिचा हात दिसत होता. खुर्चीच्या दांड्यावर तिची दोन बोटं प्रत्येक कापाकापीच्या ठिकाणी जरा उचलायची, वळायची आणि परत टेकायची. वर कॉमेंट्री चालू होती.

परतताना टॅक्सीत तिनं माझ्या कानाशी तोंड आणलं आणि विचारलं, "जागा कुठं गेल्या?"

"काय म्हणतेय?" काकांनी विचारलं.

मी ओरडलो, "जागा कुठं गेल्या, विचारतेय!"

"मागच्या रांगांत होत्या की रिकाम्या," काका म्हणाले. "आपल्यालाच पुढं नेऊन बसवलं."

आत्या मांडीवरच्या शालीची घडी नीट करत राहिली. 

दुसऱ्या दिवशी मी एडिटरला विचारलं. त्यानं लपवाछपवी केली नाही. "दादा, गाने के बीच में काटता तो झटका लगता. वो हर बार एक जगह आके चुप होती हैं, तो मैंने वहीं से काटा. खाली था न." त्याचं म्हणणं चुकीचं नव्हतं. जिथं शांतता असते तिथं कापावं, हा त्याच्या कामातला पहिला धडा. आत्याला जिथं बुवांनी थांबायला शिकवलं, नेमकं तिथंच ह्याला कापायला शिकवलं होतं. दोघंही आपापल्या विद्येत पक्के होते.

"असली रेकॉर्डिंग कहाँ है?" मी विचारलं.

"स्पूल? वो तो नीचे गया, दादा. बुकिंगवालों के पास."

मधल्या मजल्यावर नव्या कॉलनीची जाहिरात करायची होती. निवेदन रेकॉर्ड करायला टेप हवी होती आणि वरच्या मजल्यावर वापरून झालेलं टेपचं एक मोठं रीळ, म्हणजे हे स्पूल, पडून होतं. टेप महाग, ती पुन्हा वापरायची हा रिवाज सगळीकडेच होता. मी सरांकडे गेलो. ते रागावले नाहीत, उलट चकित झाले. "लेकिन माताजी की आवाज़ तो फिल्म में है न? फिर स्पूल का क्या अचार डालेंगे?"

मी ते स्पूल मागून घेतलं आणि स्टुडिओत लावून पहिल्यापासून ऐकलं. तोच जाड, खर्जातला आवाज. मौन भी बोलता है म्हणणारा आता चोवीस तास पाणी, पॉवर बॅकअप आणि पहाडों जैसी ताज़ी हवा याबद्दल बोलत होता. जाहिरात लहानशी होती, पण त्याला 'भूकंपरोधी' हा शब्द म्हणता येत नव्हता. भूकंपरोधी म्हणताना तो अडखळायचा, शिवी द्यायचा, पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करायचा. एकामागून एक. मी प्रत्येक वेळी मनातल्या मनात म्हणत होतो, आता म्हण बाबा एकदाचा. जितक्या लवकर त्याला जमलं असतं तितका मारवा वाचला असता. त्याला जमलं ते टेप अगदी संपत आल्यावर. मग टक् असा आवाज झाला, तंबोऱ्याचा शेवटचा झंकार आला आणि आत्या स्पष्ट, भरदार आवाजात म्हणाली, "झालं का? पंखा लावा आता."

एवढंच उरलं होतं.

मी त्याची कॅसेट करून घेतली. तिला द्यावी की न द्यावी याचा बराच विचार केला आणि शेवटी घेऊन गेलो, कारण कॉपी कुठं आहे हे ती दर वेळी विचारायची आणि माझ्याकडे उत्तरं संपली होती. काय झालं ते सगळं सांगितलं. कॅसेट लावली. तंबोऱ्याचा झंकार, ते वाक्य, मग नुसती खरखर. तिनं हातानं खूण केली, परत लाव. मी परत लावली. तिसऱ्यांदा लावायला गेलो तेव्हा तिनं मला जवळ बोलावलं आणि कानात म्हणाली, "आवाज चांगला होता, नाही का माझा?"

मी हो म्हटलं.

"काय म्हणतेय?" काकांनी विचारलं.

ते मी त्यांना ओरडून सांगितलं नाही.

आवाज हळूहळूही आला नाही. मालिका चॅनलवर लागलीच नाही, तो चॅनलच आधी बंद पडला. सरांनी वरच्या मजल्यावरची संस्कृती आवरती घेतली आणि तिथंही बुकिंग सुरू केलं. मी पुन्हा मुद्रितं तपासायला लागलो. एकदा आत्या आमच्याकडे राहायला आलेली असताना माझ्या मुलीनं तिला विचारलं, "आजी, बाबा म्हणतात तू जागा छान घ्यायचीस. म्हणजे प्रॉपर्टी?" आत्या हसली. तिनं मुलीचा हात हातात घेतला, तिच्या तळव्यावर बोटानं एक रेघ ओढली, ती थांबवली, मग बोट जरासं उचलून वळवलं आणि काढून घेतलं. मुलगी वाट बघत राहिली. "अच्छा," ती म्हणाली. "मग?" आत्यानं तिचा हात सोडून दिला. मग मुलगी खेळायला गेली.

आत्या गेली, पाठोपाठ काकाही गेले. सरांनी शब्द दिल्याप्रमाणे बॉक्समधून पाठवलेली व्हिडिओ कॅसेट माझ्याकडे आली. तिच्यावर बुरशी चढायला लागली तेव्हा मी ती डीव्हीडीवर उतरवून घेतली. ती अधूनमधून लावतो. आत्या धैवतावरून कोमल रिषभावर येते, थांबते, आणि माझा श्वास अजूनही सवयीनं अडकतो. तिथं काहीतरी होतं, एवढं मला पक्कं माहीत आहे. काय होतं ते आठवत नाही. फार प्रयत्न केला तर तो जाड, खर्जातला आवाजच आठवतो.

माझी मुलगी आता गुडगावात एका कंपनीत व्हिडिओंचंच काम करते. परवा घरी आली होती, मी ती फिल्म लावून बसलो होतो. सोफ्याच्या पाठीवर हात टेकून तिनं उभ्या उभ्या थोडी बघितली. रिषभ आला, शांतता आली, चित्र बदललं.

"बाबा," ती म्हणाली, "एवढ्या जुन्या मशीनवर काम केलंय, पण कट एकदम क्लीन आहे, यार. काही काढलंय असं कळतच नाही."